पगारी बायको, बिनपगारी बायको

एका घरात एक बाई पगारावर स्वयंपाकपाणी, धुणं, झाडलोट करते. काही महिन्यांनी तिचं आणि त्या घरातल्या पुरुषाचं एकमेकांवर प्रेम बसतं. तो तिला लग्नाचं विचारतो. लग्न झाल्यावर काम तेच राहणार, घर तेच राहणार, फक्त पगार बंद होणार. आता सांगा, या बाईला बढती मिळाली, की तिची नोकरी गेली?

आमच्या गटाच्या बैठकीत मी हा प्रश्न टाकला तेव्हा आधी सगळ्या हसल्या. मग एकीने विचारलं, "कुठल्या केसमधला गं हा?" मी म्हटलं, केसमधला नाही, जपानी चित्रकथेतला आहे. त्यावर आणखी हसल्या. समाजकार्याची पदव्युत्तर पदवी घेतलेल्या बाईने कॉमिक्स वाचून यावं आणि त्यावर चर्चा मागावी, हे जरा अतीच झालं, असं काहींच्या चेहऱ्यावर होतं. (बैठकीचा मूळ विषय वार्षिक अहवाल होता, हेही कबूल करते.) पण त्या दिवशी अहवाल बाजूला राहिला आणि दोन तास आम्ही याच प्रश्नावर भांडलो. तेव्हापासून हे लिहून काढायचं मनात होतं.

पुस्तक मला माझ्या भाचीने दिलं. ती पुण्यात जपानी भाषा शिकते. अशा चित्रकथांना जपानमध्ये 'मांगा' म्हणतात, आणि तो केवळ पोरांचा खाऊ नाही. शाळकरी मुलींसाठी, नोकरी करणाऱ्या बायकांसाठी तिथे मांगांची वेगवेगळी मासिकं निघतात आणि त्यांत लिहिणाऱ्या-काढणाऱ्या बहुतेक बायकाच असतात. मुलींच्या मांगातली प्रेमकथा साधारणपणे दोघांनी मनातलं बोलून दाखवलं की, फार तर लग्न झालं की, संपते. काही थोड्या त्यापुढे जातात. काओरू तादा यांची 'इताझुरा ना किस' ही १९९० मध्ये सुरू झालेली मालिका शाळेतल्या एकतर्फी प्रेमापासून निघून लग्न, कॉलेज, नोकरी अशी लांबवर जाते. १९९९ मध्ये लेखिका अचानक वारल्या आणि ती अपुरीच राहिली. त्यातली नायिका परिचारिका होते, पण का? तर नवरा डॉक्टर होणार आहे म्हणून. त्याच्या शेजारी उभं राहता यावं म्हणून. कष्ट तिचे खरे आहेत, पण दिशा त्याची आहे. आपल्याकडच्या मालिकांहून हे फार वेगळं नाही.

मला भावली ती दुसरीच. त्सुनामी उमिनो यांची 'पळून जाणं लाजिरवाणं, पण उपयोगाचं' या अर्थाच्या नावाची मालिका. हे नाव एका हंगेरियन म्हणीवरून घेतलं आहे. कोदान्शा या प्रकाशनाच्या 'किस' मासिकात ती २०१२ च्या अखेरीस सुरू झाली. २०१५ मध्ये तिला कोदान्शा मांगा पुरस्कार मिळाला. २०१६ मध्ये टीबीएस वाहिनीवर तिची अकरा भागांची मालिका झाली आणि ती जपानभर गाजली. २०१७ मध्ये संपलेली गोष्ट लेखिकेने २०१९ मध्ये पुन्हा हातात घेतली आणि जोडप्याला बाळंतपणापर्यंत नेलं. इंग्रजीत ती 'द फुल-टाइम वाइफ एस्केपिस्ट' या नावाने आली आहे.

नायिका मोरियामा मिकुरी पंचविशीची, मानसशास्त्राची पदव्युत्तर पदवी असलेली. (भाचीने पुस्तक माझ्याच हातात का ठेवलं, ते इथे कळलं.) शिक्षणाला साजेशी नोकरी मिळत नाही म्हणून ती कंत्राटी कारकुनी करते, तीही जाते. वडील ओळखीतून तिला त्सुझाकी हिरामासा नावाच्या, एकट्या राहणाऱ्या पस्तिशीच्या संगणक अभियंत्याकडे आठवड्यातून एकदा घरकामाला लावतात. काम चोख होतं, तो खूश, ती खूश. तेवढ्यात आईवडील शहर सोडून लांब राहायला जायचं ठरवतात. नोकरी सुटणार. तेव्हा मिकुरी सुचवते की आपण लग्न करू या, पण नोकरी म्हणून. तो मालक, ती कर्मचारी. विवाहाची नोंदणी करायची नाही, एकत्र राहायचं, बाहेरच्यांना नवराबायको म्हणून सांगायचं. कामाचे तास ठरलेले, जादा तासांचं बोलणं झालेलं, सुट्टी ठरलेली, महिन्याचा पगार १ लाख ९४ हजार येन, आणि त्यातून राहण्या-जेवण्याचा तिचा वाटा वजा.

इथपर्यंत ही गंमत वाटते. मलाही वाटली. मग पानं उलटताना एक गोष्ट लक्षात यायला लागली. हा माणूस पगार देतो, म्हणून त्याला काम दिसतं. खिडकीची काच पुसली की त्याला कळतं. पातळ भाजीची चव बदलली की तो तसं सांगतो. ती आजारी पडली तर रजा म्हणून धरतो. सुट्टीच्या दिवशी तिने काही करावं अशी त्याची अपेक्षा नसते. आपल्या समुपदेशन केंद्रात येणाऱ्या किती बायकांना नवऱ्याकडून एवढं मिळतं? मिकुरीला तिच्या आधीच्या मित्राने 'अतिशहाणी' म्हणून सोडलेलं असतं, कारण ती प्रत्येक गोष्टीत काहीतरी सुधारणा सुचवायची. तो शब्द तिच्या मनात काट्यासारखा रुतून बसला आहे. हिरामासाला मात्र या सूचना आवडतात. मालकाला कर्मचाऱ्याच्या सूचना आवडतात! बायकोच्या आवडल्या असत्या का, हा प्रश्न लेखिका विचारत नाही, पण तो वाचताना पानापानावर येतो.

त्या पगाराचा आकडाही हवेतला नाही. जपान सरकारच्या मंत्रिमंडळ कार्यालयाने २०१३ मध्ये बिनमोबदला कामाचा हिशेब प्रसिद्ध केला होता. २०११ साली पूर्णवेळ गृहिणीच्या वर्षाच्या कामाची किंमत त्यात सुमारे ३० लाख ४० हजार येन धरली आहे. मालिकेतही या आकड्याचा उल्लेख येतो. आता यातली मेख पाहा. हा हिशेब 'हेच तास बाहेर काम केलं असतं तर किती मिळाले असते' या पद्धतीचा आहे आणि त्यात बाईच्या तासाला बायकांच्या सरासरी मजुरीचा दर लावला आहे. बाहेर बाईला कमी मजुरी, म्हणून घरातल्या तिच्या तासाची किंमतही कमी. तीच भांडी पुरुषाने घासली तर कागदावर ती महाग पडतात.

मग यथावकाश दोघांचं प्रेम बसतं. तो भाग मी सांगत बसत नाही. तो गोड आहे, थोडा लांबलेला आहे, ज्यांना हवा त्यांनी वाचावा. आठवड्यातून एकदा मिठी मारायची असं दोघं ठरवून टाकतात, कारण ठरवल्याशिवाय हिरामासाला काहीच जमत नाही, एवढं सांगितलं तरी पुरे.

खरा प्रसंग त्यानंतरचा आहे. हिरामासाची नोकरी जायची वेळ येते. तो घाबरत नाही, हिशेब मांडतो. छानशा हॉटेलात जेवायला नेऊन तो मिकुरीला रीतसर लग्नाचं विचारतो आणि सोबत सांगतो की नोंदणी केली की पगाराचा खर्च वाचेल, ती रक्कम घरखर्चाला आणि शिल्लकीला जाईल, म्हणजे हे दोघांच्याही फायद्याचं आहे. तो दुष्ट नाही. त्याचं तिच्यावर खरंच प्रेम आहे. आणि मिकुरीचंही आहे. तरीही ती विचारते की लग्न झालं की मला फुकट राबवता येईल, म्हणून हे सोयीचं आहे का? प्रेम आहे म्हणून सगळं फुकट करायचं, हे प्रेमाच्या नावाखालचं शोषण आहे, असं ती त्याच्या तोंडावर सांगते.

प्रेमकथेची नायिका लग्नाच्या मागणीला असं उत्तर देते, आणि हे लाखो लोक आवडीने पाहतात! मी तो प्रसंग तीनदा वाचला.

जपानी बायकांना हा वाद नवा नाही, हे मला नंतर कळलं. १९५५ मध्ये 'फुजिन कोरोन' या बायकांच्या मासिकात आयाको इशिगाकी यांनी लिहिलं की गृहिणीपण हा बायकांचा दुसरा व्यवसाय होऊन बसला आहे आणि त्यांनी बाहेर कामाला पडलं पाहिजे. त्यावरून जो वाद पेटला तो अनेक वर्षं चालला. १९६० मध्ये फुजिको इसोनो यांनी पुढचा प्रश्न विचारला की घरकाम इतकं उपयोगाचं आहे तर अर्थशास्त्र त्याला मूल्य का देत नाही? १९८२ मध्ये चिझुको उएनो यांनी हे सगळे लेख संपादित करून छापले, आणि १९९० मध्ये पितृसत्ता आणि भांडवलशाही यांच्यावरचं स्वतःचं पुस्तक काढलं. तिकडे इटलीत पादुआ इथे १९७२ मध्ये मारियारोझा दाला कोस्ता, सेल्मा जेम्स, सिल्विया फेदेरिची यांनी 'घरकामाला वेतन' ही मोहीमच उभारली. पण त्यांची मागणी सरकारकडे होती, नवऱ्याकडे नव्हती. या चित्रकथेत वेतन नवरा देतो, हा फरक लहान नाही.

आपल्या शिबिरांत हा विषय निघाला की मी नेहमी विरोधी बाजूला असायचे. माझं म्हणणं असं की वेतन दिलं की बाई चुलीला कायमची बांधली जाईल. पुरुषाला मोकळीक मिळेल की पैसे मोजतोय ना, मग मी कशाला हात लावू? शिवाय गरिबाच्या घरात नवराच रोजंदारीवर, तो कुठून देणार? आणि ज्या घरांत दुसऱ्या बाईला पगार देऊन काम करून घेतात, तिथे तो पगार किती असतो, त्या बाईची जात कोणती असते, हे आपल्याला माहीत आहे. घरकामाचं मोल वाढवायचं असेल तर आधी मोलकरणीचं वाढवा. १९८० मध्ये पुण्यातल्या मोलकरणींनी संप केला तेव्हा कुठे पगारवाढीचं आणि हक्काच्या रजेचं बोलणं सुरू झालं, आणि घरकामगारांच्या कल्याणकारी मंडळाचा कायदा महाराष्ट्रात यायला २००८ साल उजाडलं.

यातलं काहीही मी आज मागे घेत नाही. पण एका बाईपुढे हे सगळे मुद्दे अपुरे पडले, आणि ते मला कबूल करायचं आहे.

त्यांना मी इथे शालनताई म्हणते. नाव अर्थातच बदललं आहे आणि त्यांची परवानगी घेऊन लिहिते आहे. शालनताई विधवा, चाळिशी ओलांडलेल्या. ब्युरोतर्फे एका घरी अंथरुणाला खिळलेल्या आजींची देखभाल करायला लागल्या. बारा तासांची ड्युटी, महिन्याला १४ हजार, दोन सुट्ट्या. आजींचा मुलगा विधुर, सरळमार्गी. तीन वर्षांनी त्याने लग्नाचं विचारलं. शालनताई आमच्याकडे सल्ल्याला आल्या. मी काय केलं असेल? आनंदले. पुनर्विवाह, तोही वेगळ्या जातीत, तोही नोंदणी पद्धतीने! त्यांचं आधार कार्ड, पहिल्या नवऱ्याचा मृत्यूचा दाखला, सगळी कागदपत्रं मी स्वतः तपासून दिली. तेव्हा त्यांनी मला एकच प्रश्न विचारला होता, "ताई, आणि पगाराचं काय?"

मी हसले. "अहो, आता तुम्ही मालकीणबाई होणार," असं काहीतरी म्हटलं.

दीड वर्षाने त्या परत आल्या. मारहाण नाही, व्यसन नाही, संशय नाही. आमच्या केसच्या फॉर्मवर तक्रारीचे जे रकाने आहेत, त्यांतला एकही भरता येईना. बारा तासांची ड्युटी चोवीस तासांची झाली होती. रात्री आजींना कुशीवर वळवायला दोनदा उठायचं. सुट्टी बंद, कारण घरच्या माणसाला सुट्टी कसली? पूर्वी पगारातून त्या गावी आईला दोन हजार पाठवायच्या. आता त्यासाठी मागावे लागतात, आणि तो देतो, पण विचारतो, "कशाला हवेत?" "आधी मी कामाला होते तेव्हा ते मला 'थकला असाल, बसा' म्हणायचे," शालनताई म्हणाल्या. "आता म्हणत नाहीत." त्यांनी पूर्वीच्या पगाराचा हिशेब केला होता. अठरा महिने, दोन लाख बावन्न हजार. रागाने नव्हता केला. बस थांब्यावर बसल्या बसल्या केला, असं म्हणाल्या.

मिकुरीने हॉटेलात जे विचारलं तेच शालनताईंनी मला आधीच विचारलं होतं, आणि मी हसले होते. प्रशिक्षण घेतलेली, शिबिरं घेणारी मी. नवरा चांगला आहे ना, एवढं पाहिलं आणि फाईल बंद केली.

आपल्याकडे घरच्या बाईच्या कामाची किंमत कोर्ट काढतं, पण कधी? ती मेल्यावर. २००१ च्या लता वाधवा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने आगीत दगावलेल्या गृहिणींच्या कामाची किंमत महिना ३ हजार रुपये धरली. २०१० मध्ये एका अपघाताच्या खटल्यात, जनगणनेत गृहिणींना भिकारी आणि कैद्यांच्या रांगेत बसवलं जातं यावर न्यायालयाने कडक शब्दांत बोट ठेवलं. ५ जानेवारी २०२१ ला तीन न्यायमूर्तींनी पुन्हा सांगितलं की गृहिणीचं मानीव उत्पन्न धरलंच पाहिजे. योगायोग असा की त्याच्या तीनच दिवस आधी, २ जानेवारीला, जपानमध्ये मिकुरीच्या गोष्टीचा पुढचा भाग दूरदर्शनवर दाखवला गेला. आपल्याकडे किंमत ठरते ती अपघातविम्याच्या दाव्यात. जिवंत बाईने मागितली तर ती पैशाची लोभी.

मिकुरी पुढे काय करते? लग्न मोडत नाही. पगारही तसाच चालू ठेवत नाही. ती म्हणते, आपण मालक-नोकर राहू नये, एखाद्या कंपनीचे दोन सहसंचालक असतात तसं होऊ या. ती बाहेरही अर्धवेळ काम धरते. दोघं बैठका घेतात. त्यात एक फार महत्त्वाचं बोलणं होतं. राहायला-खायला मिळतं हे किमान वेतन झालं, त्यावरचं जे असतं ते नवऱ्याच्या कौतुकावर अवलंबून असतं, आणि कौतुक आटलं की बाईकडे फक्त किमान वेतन उरतं. आपल्या कार्यशाळेत हे तक्त्यावर लिहायला हरकत नाही.

आणि तरीही जमत नाही! मला हा भाग सर्वांत खरा वाटला. कामं वाटून घेतली आहेत, भात हिरामासाकडे आहे, आणि तो लावायचा विसरतो. मिकुरी थकून येते आणि भडकते. तिची चिडचिड नुसत्या भातावर नाही. ठरल्यापेक्षा चार कामं ती जास्त करते आहे, ती कुठे लिहिलेली नाहीत, आणि ती मोजायला गेलं तर आपण कोत्या मनाच्या ठरू अशी भीती आहे. ती न्हाणीघरात जाऊन दार लावून बसते. तो दाराबाहेर बसून बोलतो. दाराच्या दोन्ही बाजूंनी झालेलं ते बोलणं वाचताना मला आमच्याच घराचं न्हाणीघर आठवलं. ते राहू दे.

दुसऱ्या पर्वात दिवस राहतात. हिरामासा उत्साहाने म्हणतो, मी तुला पूर्ण मदत करीन. त्यावर मिकुरी उखडते. मदत? म्हणजे मूल माझं, काम माझं, आणि तू मदतनीस? हा 'मदत' शब्द आपल्या घराघरांत कसा वापरला जातो ते सांगायला नको. 'आमचे हे खूप मदत करतात हो' असं आपणही अभिमानाने सांगतो. पुढे तो पितृत्व रजा मागतो तेव्हा त्याच्या कार्यालयात कुरकुर सुरू होते. एक माणूस गेला तर काम कोण करणार? इथे गोष्ट घरातून बाहेर पडते. बैठका घेऊन, तक्ते करूनही घरातला बोजा हलत नाही, कारण पुरुषाचे तास कंपनीने आधीच घेऊन ठेवलेले आहेत. जपानच्या २०२१ च्या सरकारी पाहणीप्रमाणे सहा वर्षांखालचं मूल असलेल्या घरात बायको घरकाम आणि मूल सांभाळणं यात दिवसाला ७ तास २८ मिनिटं घालवत होती, नवरा १ तास ५४ मिनिटं. आपल्या २०२४ च्या वेळ-वापर पाहणीत घरकाम करणाऱ्या बायकांची सरासरी २८९ मिनिटं आणि पुरुषांची ८८ मिनिटं आहे. त्यातही जे पुरुष हात लावतात त्यांचीच ही सरासरी, जे लावतच नाहीत ते यात नाहीतच.

मूल होणार म्हणून दोघं नोंदणी करतात आणि तिथे आडनावाचा प्रश्न येतो. जपानच्या नागरी कायद्याच्या ७५० व्या कलमाप्रमाणे नवराबायकोला एकच आडनाव घ्यावं लागतं. कोणाचं घ्यायचं हे कायदा सांगत नाही, पण सुमारे ९५ टक्के जोडप्यांत बायकोच बदलते. डिसेंबर २०१५ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने हे कलम घटनेला धरून असल्याचं ठरवलं. पंधरा न्यायाधीशांत तीन बायका होत्या आणि तिघींचंही मत उलट होतं! २०२१ मध्ये पुन्हा तोच निकाल आला. मिकुरीही शेवटी त्सुझाकी होते. इतकी हिशेबी, इतकी बोलकी बाई, पण इथे ती फार ताणत नाही. मला ते खटकलं. भाचीला नाही खटकलं. ती म्हणाली, "मावशी, तिला आठव्या महिन्यात कोर्टात पाठवतेस का?" पोटात मूल घेऊन कोणकोणती लढाई लढायची, हा प्रश्न बरोबरच आहे. आपल्याकडे असा कायदा नाही, आणि तरीही तांदळाच्या ताटात अंगठीने नवं नाव कोरलं जातं. तेव्हा हसायला आपल्याला जागा नाही.

चित्रकथेवर माझे आक्षेप आहेत. हिरामासा क्योतो विद्यापीठातला, चांगला पगार मिळवणारा, सभ्य, आवाज न चढवणारा. घरात सासू नाही, दीर नाही. मिकुरीच्या पाठीशी आईवडील आहेत आणि युरी नावाची, चांगली नोकरी असलेली, लग्न न केलेली मावशी आहे. (ती या गोष्टीतली मला सर्वांत आवडलेली बाई. तिला 'मावशी' म्हटलेलं चालत नाही, नावानेच हाक मारायची.) मालक दुर्जन असता तर? त्याच्याच घरात राहायचं, जगासमोर त्याची बायको म्हणवायचं आणि पगारही त्याच्याच हातून घ्यायचा, यासारखा सापळा नाही. जपानच्या १९४७ च्या श्रममानक कायद्याने घरगुती नोकरांना आपल्या कक्षेबाहेरच ठेवलं, म्हणजे मिकुरीचा तो व्यवस्थित करारनामा तरी तिला कितपत वाचवू शकला असता? गोष्ट या अंगाला जात नाही. प्रेमकथा आहे, तिच्याकडून किती मागायचं, असं कोणी म्हणेल. पण तिने स्वतःच श्रम आणि मोबदला हे शब्द काढले आहेत, म्हणून मागते.

वेतनाच्या मागणीला माझा विरोध अजून आहे. फक्त पूर्वी मी वेतन नको म्हणताना हिशेबही नको म्हणत होते, हे मला दिसलं नव्हतं. 'घरात कसला हिशेब' हे वाक्य नवरे म्हणतात तेव्हा आपल्याला पितृसत्ता दिसते, आणि आपण म्हणतो तेव्हा त्याला सहजीवन म्हणतो. दूधवाल्याचे खाडे आपण भिंतीवरच्या दिनदर्शिकेवर न चुकता मांडतो. कामाच्या बाईचेही मांडतो, आणि पगार कापायला तेच वापरतो. रात्री दोनदा उठलेलं मात्र कुठे मांडायचं?

शालनताईंना मी दोन महिन्यांपूर्वी ही गोष्ट सांगितली, चित्रं दाखवत दाखवत. त्यांना हॉटेलातल्या प्रसंगाचं फारसं काही वाटलं नाही. "एवढं शिकलेली आहे, बोलणारच," म्हणाल्या. त्यांना पटला तो सुट्टीचा भाग. मग आम्ही त्यांच्या नवऱ्याला बोलावलं. ते आले, शांतपणे बसले. शालनताईंनी तीन गोष्टी मागितल्या. महिन्याला दोन दिवस ब्युरोची बाई लावायची. घरावर दोघांचं नाव लावायचं. आणि दर महिन्याला ठरलेली रक्कम त्यांच्या खात्यात टाकायची, "पगार म्हणू नका हवं तर."

तिसऱ्या मागणीवर ते दुखावले. "घरात असा हिशेब आला की माया राहत नाही," म्हणाले. मला पटकन काही सुचलं नाही. शालनताईच म्हणाल्या, "तीन वर्षं हिशेब होता, तेव्हाच तर माया लागली की हो तुम्हाला." ते हसले, पण हो म्हणाले नाहीत. घराच्या नावाबद्दल भावाशी बोलून सांगतो म्हणाले. सुट्टी मात्र मान्य केली.

पुढची बैठक पंधरा दिवसांनी आहे. मधल्या काळात शालनताईंची पहिली सुट्टी झाली. कुठे गेला होतात, म्हणून मी विचारलं.

"कुठे नाही ताई. बहिणीकडे गेले आणि दिवसभर झोपले."